दडवलेली दोन भांडी

"शी! आजही रक्त!" चिमटी नाक दाबत ओरडली. सुट्टीला येऊन तीन दिवस झाले, तरी मावशीच्या खुराड्यात रोज तोच किळसवाणा प्रकार! उपटलेली पिसं, फुटलेले तुरे आणि विष्ठेत लडबडलेलं आंबट खाणं.

"सगळी त्या काळीची करणी!" काका दारातूनच म्हणाले. "महाभांडकुदळ! उद्या संध्याकाळी खाटीक येतोय, देऊन टाकतो."

काळी म्हणजे चिमटीची लाडकी कोंबडी! चिमटी धावतच आपल्या दादाकडे गेली.

"सकाळी मावशी दाणे पसरून टाकते, तेव्हा काळी गरीब गाय असते," दादा म्हणाला. "मारामारी संध्याकाळीच का?"

"लपून बघू या!" मावसभाऊ टिल्लू म्हणाला.

त्याच संध्याकाळी तिघं पोत्यांमागे दडली. काका, म्हणजे टिल्लूचे बाबा, आले ते नाकाला रुमाल लावूनच! दारातूनच खाण्याची अख्खी बादली एका भांड्यात भदाभदा ओतून पसार! वीस कोंबड्या त्यावर तुटून पडल्या. काळीला चारदा टोच बसली, तेव्हा कुठे तिने एकदा उलट टोचलं.

"जमिनीवर गोल खळगे तीन, भांडं मात्र एकच!" चिमटी कुजबुजली. "बाकीची दोन कुठे गेली?"

खुराड्यामागे टिल्लूने एक ओलं पोतं उचललं आणि किंचाळला. खाली दोन भांडी! बुरशी, चिकट लगदा, वळवळणाऱ्या अळ्या!

"बाबांनीच लपवलीत! घासायचा कंटाळा, दुसरं काय!" टिल्लू चिडून म्हणाला.

"मग आपण घासू," चिमटी म्हणाली आणि ओकारी दाबत तिनेच पहिला हात घातला.

दुसऱ्या संध्याकाळी काकांसोबत खाटीक दारात हजर! मुलांनी मावशीला बोलावून सगळं सांगितलं आणि तीन भांडी तीन कोपऱ्यांत ठेवून खाणं वाटून घातलं. कोंबड्या आपोआप पांगल्या. एकही टोच नाही! काळी लांबच्या भांड्यात निवांत खात होती.

"तुमच्या नाक मुरडण्यापायी हिचा जीव गेला असता!" मावशी काकांवर कडाडली. तिने खाटकाला रिकाम्या हाताने परत पाठवलं. "शाब्बास, पोरांनो! किळस तुम्हालाही आली, पण तुम्ही मागे हटला नाहीत."

"चुकलो," काका मान खाली घालून म्हणाले. "उद्यापासून भांडी मी घासेन."

चिमटीने हात हुंगले. चारदा साबण लावूनही घाण वास येत होता. पण काळी जवळ आली, तेव्हा त्याच हातांनी तिने तिला उचलून घेतलं.