दुसऱ्या किलोमीटरखाली

ही थाप वाटत असेल तर माझ्या मामाच्या नाकाला विचारा. त्यातून तो वास अजून गेलेला नाही.

गेल्या वर्षीचा मे महिना. मंगळवार. भर दुपारी ऊन नुसतं रणरणत होतं.

मामा रस्ते खात्यात इंजिनिअर. त्याच्याकडे एका रस्त्याचं काम आलं होतं. लांबी जेमतेम चार किलोमीटर, पण एकेकाळी तोरा केवढा! राज्यमार्ग होता तो. मग बाहेरून बायपास निघाला, ट्रक तिकडे वळले आणि याचा दर्जा गेला. आता तो नगरपालिकेच्या गळ्यात मारायचा होता. त्याआधी डांबराचे थर मोजायचे. यंत्राने पोकळ नळी आत घुसवायची, की केकसारखा गोल तुकडा बाहेर येतो. रस्त्याचा सगळा इतिहास त्यात, एकावर एक.

यंत्र चालवणाऱ्याला सगळे नळकांड्या म्हणत.

"साहेब, दुसऱ्या किलोमीटरला पाडू का भोक?"

मामाने हातातला कागद उगाच चाळला.

तिथे त्याने एक घाण करून ठेवली होती... वीस वर्षांपूर्वी.

तेव्हा तो नोकरीत नवाकोरा. दुसऱ्या दिवशी बडे साहेब पाहणीला येणार होते आणि रस्त्यात काहीतरी मरून पडलेलं. ट्रकांनी चेचून चेचून नुसता लगदा. वर माश्यांचं मोहोळ. ई! असलं उचलणार कोण? मग वरूनच डांबर ओतायचं, रोलर फिरवायचा, मोकळं व्हायचं. तिथली पद्धतच ती.

"कुत्रं असेल," मुकादम म्हणाला होता. "टाकू का?"

मामाने वाकून बघितलंच नाही. नाक दाबलं आणि मान हलवली.

तेव्हापासून तो स्वतःला एकच सांगत आला. कुत्रंच होतं.

"पाड," मामा शेवटी म्हणाला.

यंत्र घरघरलं. मग आवाज बदलला...

पचपच. पचपच.

नळकांड्याने तुकडा काढला आणि फेकूनच दिला. "शी! साहेब, हे काय?"

तळाच्या, त्या वेळच्या थरात केस होते. पिवळ्या, चिकट चरबीत माखलेले. मामाने पुन्हा नाक दाबलं.

पण त्याच्या वरच्या थरातही केस...

त्याच्याही वरच्या...

सगळ्यात वरचा थर तर फक्त सहा महिन्यांचा. त्यातले केस ओले होते. सोबत काहीतरी गुलाबी, लिबलिबीत. ताजं.

वीस वर्षं ते वर येत होतं.

"कुत्र्याला एवढे लांब केस असतात होय, साहेब?"

खोदायला लावलं असतं तर कळलं असतं. नोकरी गेली असती, पण एकदाचं कळलं असतं. मामाने काय केलं? तुकडा पुन्हा भोकात कोंबला, वर डांबर ओतायला लावलं आणि कागदावर सही ठोकली. थर चार, स्थिती उत्तम.

रस्ता नगरपालिकेने घेतला. आता माझी शाळेची बस तिथूनच जाते. दुसऱ्या किलोमीटरला एक फुगवटा आलाय. रोज थोडा मोठा.

काल तिथे बस जोरात उसळली. ड्रायव्हरकाका उतरले, चाकाखालून काहीतरी ओढू लागले. आधी वास आला...

मग ते ओरडले, "अरे, कुणाची वेणी ही?"

काळी, डांबराने लडबडलेली. टोकाला रिबीन.

मामाला कसं सांगू?

आज सकाळीच तो म्हणत होता, कुत्रंच होतं गं ते.