निवणी निवली नव्हती

दार लोटून घ्या आणि जवळ सरका. घसा ताणून सांगायची ही गोष्ट नाही. आपल्याकडे फ्रिज दुरुस्तीला येतो ना, ज्याला सगळे मेस्त्री म्हणतात, त्याच्यावर ओढवलेली आहे. मागच्या हिवाळ्यातली, शुक्रवारची रात्र. अकरा वाजून गेले होते.

मेस्त्रीच्या सासूबाई त्या संध्याकाळी गेल्या. कितीतरी वर्षं त्याच्याकडेच होत्या. धाकटी मुलगी लांबून निघाली होती, म्हणून त्यांना घरातच ठेवलं होतं. उशाशी निवणी होती.

निवणी तुम्ही पाहिलेली नसणार. करडा दगड, पावाएवढा. जुनी खाण पाण्याखाली गेली तेव्हापासून गावात एकच उरलीय. बाळंतिणीच्या खोलीत ठेवली तर मूल यायच्या आधी आपोआप कोमट होते. आणि गेलेल्या माणसाच्या उशाशी ठेवली, तर ते माणूस खरंच निघून जाईपर्यंत ऊब धरून राहते. अंग गार पडतं, निवणी नाही पडत. ती निवली की मगच माणसाला न्यायचं. तोवर खोलीतला दिवा चालू ठेवायचा, आणि कुणीतरी शेजारी बसून बोलत राहायचं.

तर, निवणी सांभाळणाऱ्या आजीचा फोन आला. दुसऱ्या एका घरी म्हातारबुवा शेवटच्या घटका मोजत होते. "तुमचं झालं असेल तर आणून दे."

बायकोनं विचारलं, "निवली का हो?"

मेस्त्रीनं बोटं टेकवली. अर्धं आयुष्य गॅस आणि आगीशी खेळून त्याच्या बोटांची टोकं मेलेली. चहाचा उकळता पेला तो सहज धरतो.

"निवली," म्हणाला. खोटं नाही बोलला. त्याला तसंच वाटलं.

टॉवेलात गुंडाळून निवणी स्कूटरवर पायांपाशी ठेवली आणि निघाला. आजीचं घर खाणीकडच्या रस्त्याला, अगदी शेवटचं. दुकानं बंद, कुत्रीसुद्धा गप्प. पुलापर्यंत सगळं ठीक होतं. पुढे चढ लागला तशी स्कूटर कुंथायला लागली. मागचं चाक बसलं असणार म्हणून उतरला, टॉर्च मारला. हवा भरपूर. पुन्हा बसला, निघाला... आणि मागची सीट दबली.

कुणी बसल्यावर दबते तशी. आधी एका बाजूनं. मग नीट.

डाव्या खांद्यावर वजन आलं. दवाखान्यात जाताना सासूबाई तिथंच धरायच्या.

त्यानं आरशात पाहिलं नाही.

आजीनं दार उघडलं, टॉवेल सोडला आणि निवणी गालाला लावली. बराच वेळ तशीच उभी राहिली.

"हात लावून बघितलंस?"

"हो."

"गाल लाव."

त्यानं लावला. झोपलेल्या लेकराच्या कपाळासारखी कोमट.

"आता?" मेस्त्रीनं विचारलं.

"परत ने. त्या घरी थांबायला मी कळवते. म्हातारबुवांचा श्वास अजून चालू आहे, तेवढा वेळ आहे." मग आजीनं त्याच्या पाठीमागे, स्कूटरकडे पाहिलं. "सावकाश ने, बाबा. निवणीच्या मागोमाग येतात ही माणसं. मागे पडली तर... त्यांना वाट कुठली ठाऊक?"

परतताना तो सावकाशच चालवत होता. सीट दबलेली. खांदा जड. मागून श्वास नाही, शब्द नाही. फक्त वजन. उतार लागला, आणि खांद्यावरची बोटं... हलली. त्याचा धीर सुटला. मूठ आपसूक पिळली गेली आणि स्कूटर सुसाट सुटली.

पुलापाशी आला तेव्हा सीट हलकी होती.

समोर घराकडचे दिवे दिसत होते. कुणी विचारणार नव्हतं. निवणी उशाशी ठेवली असती की सुटला असता. मेस्त्री मला म्हणाला, "काका, मागे कुणी बसलंय याची भीती होतीच. पण मागे कुणी नाही, याची त्याहून जास्त वाटली." सासूबाईंना रात्री उठायचं झालं तरी कुणाचा तरी हात लागायचा. आणि त्या आता तिकडे, अंधारात, उतारावर, एकट्या...

त्यानं स्कूटर वळवली.

उताराच्या मध्यावर थांबला. इंजिन बंद केलं. दिवाही बंद केला. का, ते त्याला आजही सांगता येत नाही.

"आई..."

काही नाही.

"आई, चुकलं माझं. बसा."

काही नाही... वारासुद्धा नाही. एवढ्या थंडीत सदरा घामानं भिजलेला. तो तसाच पाय टेकून बसून राहिला. किती वेळ, कुणास ठाऊक.

मग सीट दबली. आधी एका बाजूनं.

घरी पोचला तेव्हा धाकटी येऊन बसली होती, आईचा हात हातात घेऊन. मेस्त्रीनं निवणी उशाशी ठेवली आणि दोघी बहिणींना एवढंच म्हणाला, "हातानं नको, गाल लावून बघत राहा." धाकटी बोलत राहिली. प्रवासाचं, पोरांचं, मागच्या वेळी भांडून गेली होती त्याचंही. उजाडता उजाडता तिनं गाल लावला आणि मान हलवली. निवली होती.

म्हणजे सगळं नीट पार पडलं, असंच म्हणायला हवं.

पण न्यायच्या आधी थोरलीनं, मेस्त्रीच्या बायकोनं, आईच्या पायातले मोजे काढले. पांढरे, लोकरीचे. तिनंच संध्याकाळी पाय धुऊन-पुसून चढवले होते. मोजे आतून-बाहेरून स्वच्छ. एक डाग नाही.

आणि तळव्यांना... लाल माती. ओली. खाणीकडच्या उतारावर असते तशी.

थोरलीनं नवऱ्याकडे पाहिलं. ती उठली, पाणी घेऊन आली आणि पाय पुन्हा धुवायला बसली.

बोटांच्या बेचक्यांत बारीक खडे अडकले होते.