चांदीखाऊंचा प्याला

प्याला शोधायला निघालेली माणसं तीन, आणि त्यातली दोघं एकतीस वर्षं एकमेकांशी बोलत नव्हती!

"सूनबाई, त्याला सांग, दोर खांद्यावरून तिरपा घेतात. बैलासारखा गळ्यात नाही," गेगी म्हणाला. हा एतेरीचा सासरा. वय अठ्ठ्याहत्तर, गुडघे त्याहून म्हातारे.

"पोरी, त्याला सांग, मी हिमनदीवर चालायला लागलो तेव्हा हा चुलीपाशी रांगत होता," जोकोला म्हणाला. तो गेगीपेक्षा तीन महिन्यांनी मोठा होता.

दोघांमध्ये अंतर दोन हातांचं. एतेरीने कुणालाच काही सांगितलं नाही. खिंड अजून चार तास दूर होती, घरी अकरा महिन्यांची नानुली नणंदेपाशी ठेवलेली होती, आणि पहिल्याच चढावर तिचं डोकं उठलं होतं.

पण जायला तर हवंच होतं. गावातल्या संत गिओर्गीच्या चर्चमध्ये एके काळी चांदीचा प्याला होता. कुणा राणीने दिलेला, असं म्हणत. त्यातून वाइन पिऊन जो खोटी शपथ घेईल तो वर्षभरात मरेल, असंही म्हणत. पुढे सरकारी माणसं डोंगरातल्या चर्चांमधली चांदी गोळा करत हिंडू लागली, तेव्हा चर्चची किल्ली सांभाळणाऱ्या गेगीच्या वडलांनी प्याला खिंडीपलीकडे नेऊन लपवला. परत आले ते ताप घेऊनच. चौथ्या दिवशी गेले. जाताना बायकोच्या कानात एवढंच म्हणाले : 'मेंढपाळांच्या झोपडीपासून वर. तिसरी कपार.'

गेगी तीन वेळा जाऊन आला. तिन्ही वेळा हात हलवत! मग गावाने काय ते ठरवून टाकलं. यांनी प्याला विकून खाल्ला. किल्ली गेली जोकोलाच्या घरी, आणि या घराला नाव पडलं चांदीखाऊ. एतेरीचा नवरा शाळेत 'चांदीखाऊंचा' होता. गेल्या महिन्यात नानुली धरून धरून उभी राहिली, तर शेजारीण टाळ्या पिटत म्हणाली, "बघा हो, चांदीखाऊंची पोर उभी राहिली!" तीही कौतुकाने! लग्नाआधी एतेरी वडलांबरोबर गिर्यारोहकांना वाट दाखवायची. शेजारीण हे बोलली त्याच दिवशी तिने माळ्यावरची बर्फकुऱ्हाड खाली काढली.

आणि जोकोला? तो नको असला तरी हवाच होता. चांदीखाऊंनी प्याला सापडला म्हणून सांगितलं तर ऐकणार कोण? साक्षीला किल्लीवालाच पाहिजे. बोलणं बंद झालं तेही त्याच्यामुळेच. एका लग्नात त्याने पेला उंचावून 'चांदी पचवणाऱ्या पोटांना!' असा जाम घेतला होता.

जामांचंच तर सगळं दुखणं होतं. दर विसाव्याला अराक दारूची बाटली निघायची. आधी देवाच्या नावाने, मग संत गिओर्गीच्या, मग गेलेल्यांच्या. एकदा सुरू केलेलं बोलणं मध्येच तोडायचं नाही, हा इथला शिरस्ता. जोकोला गेलेल्यांची नावं घ्यायला लागला की पणजोबांच्या मामांपर्यंत पोचायचा.

"काका, ढग भरून येतायत."

"अजून आत्या राहिल्यात, पोरी."

"बाबा, तुम्ही तरी सांगा ना!"

"तो मेलेल्यांबद्दल बोलतोय," गेगी टोपी काढून म्हणाला. "मध्ये कसं बोलू?"

आत्या संपल्या आणि गारा सुरू झाल्या! तिघं सुट्या दगडांच्या उतारावर सापडले. वरून खडखडाट आला. "खाली बसा! डोकं झाका!" एतेरी ओरडली. पोळपाटाएवढा एक दगड शिट्टी मारत तिच्या कानाजवळून गेला. दुसरा जोकोलाच्या पिशवीवर आदळला. बाटली फुटली. संपूर्ण प्रवासात एतेरीला बरं वाटलं असेल तर ते त्या क्षणी!

खिंडीपलीकडे जग वेगळंच होतं. खाली हिरवं कुरण, त्यात दगडी भिंतींची, छप्पर उडालेली झोपडी, तिच्याजवळून खळखळत जाणारा ओढा, आणि पूर्वेला एका कड्याला वळसा घालून उतरलेली, राख फासल्यासारखी करडी हिमनदी. दुसऱ्या दिवशी सकाळपासून ते ओढ्याकाठाने उगमाकडे चढत राहिले. पहिली कपार सापडली, तिच्यात रानबकऱ्याची हाडं. दुसरीत पाणी. तिसरीत गेगी छातीपर्यंत शिरला आणि बराच वेळ आतच राहिला. बाहेर आला तेव्हा त्याच्या मुठीत माती होती.

"पोरी, त्याला सांग," जोकोला म्हणाला, "पचल्यावर जागा अशीच रिकामी राहते."

गेगीने मुठीतली माती परत कपारीत ठेवली, जपून. तेच एतेरीला सहन झालं नाही.

संध्याकाळी झोपडीत शेकोटी पेटवून ती भाकरी गरम करत होती, तेव्हा धूर फिरला.

"सूनबाई, जरा वर सरक."

ती उगमाच्या बाजूला सरकली.

"वर म्हटलं मी!"

"मग मी कुठे सरकले? वरच ना?"

"अगं, वर म्हणजे वर!" जोकोलाही वैतागून ओरडला.

आणि दोन्ही म्हाताऱ्यांचे हात एकदम उठले, एकाच दिशेला, पूर्वेकडे, जिकडे ओढा खाली वाहत होता!

एतेरी दुसऱ्या खोऱ्यातली. लग्न करून इकडे आली तेव्हा या लोकांचं 'वर' शिकायला तिला सहा महिने लागले होते. यांना डावं-उजवं ठाऊकच नव्हतं. गावाची एंगुरी नदी पूर्वेकडून येते ती बाजू वर, जाते ती खाली. कपाट वरच्या भिंतीला, चमचा खालच्या हाताला!

"बाबा," ती हळूच म्हणाली, "तुमच्या वडलांचं 'वर' कोणतं होतं?"

गेगी आपल्याच उचललेल्या हाताकडे पाहत राहिला. "तिन्ही वेळा डोक्याने शोधलं मी," तो पुटपुटला. "वाटलं, इथलं पाणी इथलं 'वर' सांगेल. आमच्या म्हाताऱ्याने कधी दुसरी नदी मोजलीच नाही!"

पहाटे ते हिमनदीवर उतरले. एकच दोर : पुढे एतेरी, मध्ये गेगी, मागे जोकोला. पलीकडच्या कड्यात कपारी होत्या. एक. दोन. तिसरीच्या तोंडाशी हाताने रचलेले दगड होते! गेगीने ते एकेक करून बाजूला ठेवले, कुणाचं तरी अंथरूण आवरावं तसे. आत काळ्या लोकरी नमद्यात गुंडाळलेली, मेण ओतून बंद केलेली मोटली होती.

"पोरी, त्याला सांग, उघडायची नाही. चर्चच्या दारातच उघडायची, सगळ्यांसमोर."

"सूनबाई, त्याला सांग, आमच्या वडलांची मोटली आहे!"

"आणि आत दगड निघाला म्हणजे?"

तास गेला! अख्खा तास! शेवटी मोटली बंदच ठेवायची पण न्यायची गेगीने, असं ठरलं, तोवर ऊन डोक्यावर आलं होतं आणि बर्फ भिजवलेल्या पिठासारखा मऊ झाला होता.

"माझ्या पावलावर पाऊल टाकत या. एक बोटभरही बाजूला नाही," एतेरीने बजावलं.

पण एतेरीच्या पावलांवर गेगीची पावलं पडत होती. जोकोला त्याच्या पावलात पाऊल टाकणार? तो हातभर बाजूने चालू लागला. नवीन बर्फावर, आपल्या स्वतःच्या वाटेने!

भस्स! असा आवाज झाला, आणि बर्फाखालच्या भेगेत जोकोला दिसेनासा झाला. एतेरीने मागे न बघताच अंग खाली फेकलं, कुऱ्हाड बर्फात रोवली. दोराचा झटका बसला. बरगड्या आवळल्या. श्वास गेला!

"बाबा! पाय रोवा!"

गेगी पालथा पडून भेगेकडे घसरत होता. एका हातात मोटली. दुसऱ्या हाताची बोटं बर्फात ओरखडे काढत होती. कडेपर्यंत दोन हात उरले. एक हात!

"प्याला सोडू नकोस, मूर्खा!" खालून जोकोला ओरडला. एकतीस वर्षांनी तो गेगीशी थेट बोलला, तो असा! "गेगी! प्याला धर!"

"तुला धरू की प्याला धरू?"

"प्याला!"

"गप बस, गाढवा!" म्हणत गेगीने मोटली सोडली आणि दोन्ही हातांनी दोर पकडला.

मोटली कडेवर आपटली. जुना नमदा उलगडला. काहीतरी लखकन चमकलं आणि जोकोलाच्या नाकासमोरून निळ्या अंधारात गेलं. खूप खालून एक आवाज आला, घंटेसारखा. मग काही नाही.

एतेरीने दोराचं टोक कुऱ्हाडीला बांधलं, दुसरा फास खाली सोडला, आणि सव्वा तास ओढून जोकोलाला वर काढला. तो वर आला तो रडतच. कुणीही जाम घेतला नाही.

चर्चच्या अंगणात सगळं गाव जमलं. वाकलेली पाठ काठीवर तोलून मुश्नी उभा होता, सगळ्यांत वडील. "जोकोला, काय पाहिलंस?"

"चांदीचा प्याला. पायाशी सोन्याची कड. बाजूने हरणं."

"सिंह!" गेगी म्हणाला.

"हरणं होती. माझ्या नाकासमोरून गेला तो!"

"तू डोळे मिटले होतेस! सिंह होते, आयाळ होती!"

"शिंगं होती ती!"

कुणीतरी मागून म्हणालं, "यांचं तर काहीच जुळत नाही."

मुश्नी हसला. "खोटं रचून आणलं असतं, तर प्राणी तरी एकच आणला असता," तो म्हणाला आणि त्याने टोपी काढली. मग एकेकाने काढली. टोप्या उतरत गेल्या, पार कुंपणापर्यंत.

जोकोलाने गळ्यातली वीतभर लोखंडी किल्ली काढली आणि गेगीच्या हातात ठेवली. बोलणं न थांबवता. "हरणं, गेगी. आठ हरणं."

"आठ मोजलीस? पडता पडता?"

"पोरी, तू सांग!"

"हो, सूनबाई, तूच सांग! काय होतं प्याल्यावर?"

एतेरी पायरीवर बसून नानुलीला अंगावर घेत होती. तीन दिवसांची भूक होती त्या बाळाला, आणि आईला त्याहून जास्त.

"मी प्याला बघितलाच नाही," ती म्हणाली. "मला फक्त दोर दिसत होता. आणि त्याला बांधलेली दोन गाढवं."