लिबुशेचा अंगठा

"दिवा राहू दे लागलेला. हसायचं असेल तर आत्ताच हसून घ्या. मातीच्या बाहुल्यांच्या फिल्म बनवायच्या आमच्या स्टुडिओत ओताकार माझ्या शेजारच्या टेबलावर बसायचा, त्यामुळे ही ऐकीव गोष्ट नाही," काका सांगू लागले.

दोन नोव्हेंबर, शनिवार, संध्याकाळचे सात. मृतांच्या स्मरणाच्या त्या दिवशी चेक देशातलं आमचं सगळं झ्लीन गाव कबरींवर मेणबत्त्या लावतं. दिग्दर्शिका मिलाडाबाईंनी ओताकारच्या हातात एक मेणबत्ती ठेवली. "लिबुशेच्या कबरीवर लाव, मग स्टुडिओत जाऊन तिचा राहिलेला प्रसंग पुरा कर. आणि नीट कर हो! पोरांना तिचा हात कळतो."

ओताकारच्या अंगाचा तिळपापड झाला. बाई जाऊन वर्ष लोटलं, तरी कौतुक तिचंच. तिचा तो किटलीच्या डोक्याचा मातीचा पोरगा! शिंकला की नाकातून जिना निघतो, जिन्यावरून चंद्र घरंगळतो. त्याला काही अर्थ होता का? पण टीव्हीवर तो दिसल्याशिवाय देशातली पोरं झोपत नव्हती. वीस वर्षं बाहुल्या हलवणारा ओताकार मात्र शेजाऱ्यांनाही ठाऊक नव्हता. लिबुशे डावखुरी. तिच्या अंगठ्यावरचा सुरीचा व्रण मातीत उमटायचा, आणि तो पुसायचं काम ओताकारकडे.

तो कबरीकडे वळलाच नाही. स्टुडिओत थंडीनं माती कडक झाली होती. त्यानं तीच मेणबत्ती पेटवून माती मऊ केली, फिल्मच्या सुरुवातीला दिसणाऱ्या मातीच्या पाटीवरची लिबुशेच्या नावाची अक्षरं खरवडली आणि तिथं स्वतःचं नाव बसवलं. "आता कर म्हणावं मिरवामिरवी," तो पुटपुटला.

मग बाहुली जराशी हलवायची, एक फोटो; असे पंचवीस फोटो म्हणजे पडद्यावरचा एक सेकंद. पुन्हा हलवायची, पुन्हा फोटो. साडेदहापर्यंत शंभर झाले. त्यानं ते चालवून पाहिले.

शंभरावा फोटो गेला.

पोरगा थांबला नाही.

त्यानं मान वळवली. छाती भरून श्वास घेतला...

ओताकारनं मोजलं. एकशे पंचवीस. एक सेकंद जास्तीचा.

"कोण... कोण आहे?"

...

मेणबत्ती विझली.

सोमवारी मिलाडाबाईंचे डोळे भरून आले. "जमलं रे तुला शेवटी! तो श्वास... अगदी लिबुशे!" वीस वर्षांत मिळालेली पहिली शाबासकी, तीही नेमकी त्या एका सेकंदाची. मेलेल्या बाईवर ओताकार आजही जळतो.

"आणि ती पाटी, काका?"

"माझ्याकडे आहे. ही बघा. त्याच्या नावावर डाव्या अंगठ्याचा ठसा, मधोमध व्रण. त्यानं तीनदा पुसला, तरी पुन्हा उमटला. हात लावा... माती अजून कोमट आहे."