राष्ट्राचा ठेवा आणि शेवयांचा पाट

सरसाच्या भांड्यात हात बुडवून कोणी स्वतःची ओळख करून देत नाही. सेवेरिन झिल्बरने करून दिली. बाहेर सकाळपासून झिमझिम लागलेली, त्याचे बूट ओले, आणि सुतारखान्याच्या उंबऱ्याशी रंध्याच्या ढलप्यांचा ढीग. तो घसरला, आधाराला जे हाती लागलं ते धरलं... आणि ते नेमकं निवत ठेवलेलं सरसाचं भांडं निघालं.

“हलू नका,” बोग्नाने त्याचं मनगट पकडलं. “सरस आहे. वाळला की चिकटलेली वस्तू जन्मभराची.”

“वस्तू कोणती, त्यावर आहे,” तो म्हणाला.

बोग्नाने मान खाली घालून कोमट पाण्यात त्याचं एकेक बोट चोळलं. बोटांना खडूचा पांढरेपणा होता, जुना, मुरलेला.

“मास्तर?”

“होतो. फिजिक्स शिकवायचो.” मग जरा थांबून — “पेटी हवी होती. लाकडी, मोठी. परदेशी जायची.”

तिचा हात थबकला. कोपऱ्यात करवतीला धार लावत बसलेल्या तिच्या बाबांनीही मान वर केली. वालेन्टी पिटेल म्हणजे व्हिस्टुला नदीच्या या काठावरचा, पोलंडच्या वॉर्सा शहरातल्या प्रागा वस्तीतला जुना सुतार. दोन वर्षांपूर्वी कंबर गेली, तेव्हापासून रंधा मुलगी मारायची आणि ते नुसते शेरे मारायचे. पूर्वी इथे कपाटं व्हायची, पाळणे व्हायचे. आता वर्षभर फक्त पेट्या. कारण वर्षापूर्वी, अडुसष्ट साली, सरकारला अचानक शोध लागला होता की देशाच्या सगळ्या दुखण्यांचं मूळ म्हणजे इथले उरलेसुरले ज्यू. उरलेसुरलेच, बाकीचे जर्मनांनी संपवले होते. झालं, नोकऱ्या गेल्या, वर्तमानपत्रांतून नालस्ती झाली. मग मोठ्या मनाने सांगण्यात आलं, जायचं तर जा. फक्त जाण्याआधी ‘माझं नागरिकत्व कृपया काढून घ्यावं’ असा अर्ज ज्याने त्याने स्वतःच्या हाताने लिहायचा. चोराच्या उलट्या बोंबा म्हणतात त्या याहून वेगळ्या नसतात.

बोग्ना तेवीस वर्षांची होती आणि प्रत्येक पेटीचा प्रत्येक खिळा ती रागाने ठोकायची. बाबा म्हणायचे, तिची पेटी समुद्रात पडली तरी फुटायची नाही.

सेवेरिन माप देऊन गेला. त्याला सगळे सेवेकच म्हणायचे. तीन दिवसांनी परत आला. लांबी पाच सेंटिमीटर वाढवायची होती. पुढच्या आठवड्यात ती कमी करायची होती. मग रुंदीबद्दल शंका निघाली.

“या पोराला पेटी हवीय की इलॅस्टिक?” बाबांनी विचारलं.

“फिजिक्स आहे, काका. गरम झालं की पदार्थ वाढतो.”

“ते दिसतंच आहे,” बाबा म्हणाले, आणि बोग्नाच्या कानांच्या पाळ्या लाल झाल्या.

त्याचा तिला रागही यायचा. त्याच्याबरोबर जे झालं ते हा माणूस हवापाण्याच्या गप्पा माराव्यात तसा सांगायचा. शाळेत सभा भरली, मुख्याध्यापकांनी ठराव वाचला, एकेक हात वर गेला. “सगळ्यात शेवटी गणिताच्या मास्तरांचा. त्यांना आदल्याच दिवशी मी माझी छत्री दिली होती.”

“परत दिली?”

“राहूनच गेलं.”

बोग्नाने रंधा खाली ठेवला, एप्रन सोडला आणि ट्राम पकडून नदीपलीकडच्या त्या शाळेत गेली. शिक्षकांच्या खोलीत शिरून तिने मोठ्याने विचारलं, “झिल्बर मास्तरांची छत्री कोणाकडे आहे? ज्या हाताने त्यांना काढलंत, त्याच हाताने द्या.” खोलीत चहाचे पेले वाजायचे थांबले. एका टकल्या गृहस्थाने कपाटामागून छत्री काढून दिली, तिच्याकडे न बघता.

त्या संध्याकाळी ती छत्री घेऊन दोघं नदीकाठाने चालले. पाऊस नावापुरताच होता. छत्री मिटावी असं दोघांपैकी कोणाला सुचलं नाही.

“तू नेहमी अशी भांडतेस?” त्याने विचारलं. तुम्हीवरून तूवर तो कधी आला, कळलंच नाही.

“तू भांडत नाहीस म्हणून तुझ्या वाटचंही मला भांडावं लागतं.”

“मी भांडलो तर म्हणतील, बघा, हे लोक असेच.”

“आणि गप्प बसलास तर?”

“तरी तेच म्हणतील...” तो हसला, पण डोळ्यांत हसू नव्हतं. छत्रीच्या दांड्यावर तिच्या हाताशेजारी त्याचा हात होता. तिने आपला हात थोडा वर सरकवला, त्याच्यावर ठेवला. हातमोजे दोघांनीही घातले नव्हते.

मग एक दिवस तो आला आणि पेटीचं मापच विसरला. तोंड उतरलेलं. “आई येत नाही म्हणते.”

कारण होतं पाटाचं. शेवया लाटायचा, कापायचा मोठा लाकडी पाट. सेवेकच्या आईच्या, म्हणजे रेगिनाकाकूंच्या आईचा, राडोम गावातल्या घरचा. युद्धानंतर त्या एकट्याच जिवंत परतल्या, तेव्हा त्यांच्या घरात शेजारी राहत होते. पडदे त्यांचेच, पलंग त्यांचाच, बशासुद्धा त्यांच्याच झाल्या होत्या. शेजारणीने दार उघडलंच नाही. खिडकीतून पाट बाहेर सरकवला. “हा न्या, किडलाय.” किडलेला नव्हता. लिंडनच्या लाकडाचा, कडेला १९११ कोरलेला. आईची तेवढीच वस्तू. सुऱ्यांच्या बारीक रेघांनी भरलेला, त्यातल्या काही आजीच्या.

पण १९४५ आधीची वस्तू देशाबाहेर न्यायला दाखला लागतो. आणि दाखला नाकारला गेला होता. कागदावर लिहिलं होतं, लोककलेचा नमुना, राष्ट्राचा ठेवा.

“त्यांना तारीख कळली कशी?” बोग्नाने विचारलं.

“यादीत मी लिहिली. ‘शेवयांचा पाट, १९११.’ पाच प्रतींत.”

“कोणी विचारलं होतं?”

“रकाना होता.”

बोग्नाने कपाळावर हात मारला. त्या वर्षी वॉर्सात अशी चूक करणारे पुष्कळ होते. ज्या सरकारने त्यांना खोटं पाडलं, त्याच्याच कागदांवर ते अक्षर न् अक्षर खरं लिहीत होते, जणू खऱ्याला अजून काही भाव होता. “वा रे मास्तर. माणसं नको झाली आणि शेवयांचा पाट राष्ट्राचा ठेवा. जिवंत बाई कचऱ्यात, लाकूड संग्रहालयात. यांच्या जिभेला हाड नाही की काय?”

“आई म्हणते, पाट राहणार असेल तर मीही राहते. आणि तिला टाकून मी जाणार नाही.” तो हळूच म्हणाला, “म्हणजे... राहीनच बहुतेक.”

बोग्नाने रंधा उचलला आणि पुन्हा फळीवर चालवला.

दोन दिवस ती धुसफुसत राहिली. उपाय तिला पहिल्याच घटकेला सुचला होता, सुताराला तो सुचतोच. राग होता तो स्वतःवर. गप्प बसली तर तो राहणार होता. छत्री, नदीकाठ, ते खडूचे हात, सगळं इथेच. पण कसा राहणार? नोकरी नाही, दारावर कोणीतरी खडूने शिव्या लिहितंय, काकू जिन्यावर पावलं वाजली की दिवा मालवतात. तिसऱ्या दिवशी तिने बाबांना विचारलं, “एखाद्याला आपल्याजवळ ठेवायचं म्हणून चिखलात ठेवावं का?”

बाबांनी करवतीवरची कानस थांबवली. “पेटीचा तळ पाइनचाच असायला हवा असं कुठे लिहिलंय का?” त्यांनाही तेच सुचलं होतं तर.

तिने सेवेकला नदीपलीकडून पाट घेऊन यायला सांगितलं. पेटीच्या तळाच्या मधल्या दोन फळ्या काढल्या, तिथे पाट बसवला. रेघांची आणि तारखेची बाजू खाली, त्यावर आडव्या पट्ट्या आणि काळा रंग, धुऊन निघेल असा. आतून तपकिरी कागद. कागद चिकटवण्याआधी तिने सेवेकला बाहेर पिटाळलं.

“का?”

“धंद्यातलं गुपित.” कानामागची जाड पेन्सिल तिने हातात घेतली होती. “आणि नीट ऐक. तिथे पोचल्यावर पेटी खालून उघडायची. समजलं?”

“बोग्ना, ‘जाऊ नकोस’ म्हण...”

“चार खिळे पाटातून गेलेत,” ती म्हणाली. “काकूंना सांग, माफ करा.” आणि त्याच्याकडे पाठ केली, कारण डोळे भरले होते आणि ते त्याला दाखवून त्याचं जाणं अवघड करायचं नव्हतं.

जकातीच्या शेडमध्ये झाकण न ठोकता पेटी न्यावी लागे. तपासणी झाली की सुताराने तिथेच ठोकायचं. म्हणून बोग्ना हातोडी घेऊन हजर होती. जाड मानेच्या अधिकाऱ्याने काकूंच्या उशा हुंगल्या, सेवेकच्या पदवीचा कागद बाजूला काढला. “हा इथेच राहील.” मग यादीवर बोट ठेवलं. “तीन नंबर. पाट. नाकारलेला. कुठे आहे?”

सेवेकने तोंड उघडलं. हा खरं बोलणार, हे बोग्नाने त्याच्या चेहऱ्यावरच वाचलं.

“चुलीत घातला,” ती मध्येच म्हणाली.

“काय?”

“पंधरा दिवस गारठा होता, घरात कोळसा नव्हता. राष्ट्राच्या ठेव्यावर सूप शिजलं. राष्ट्राला एवढी काळजी होती तर राडोमला शेजाऱ्यांनी घर लाटलं तेव्हा यायचं होतं दाखला मागायला. यांच्या आईला नेलं तेव्हा कुठे होतं तुमचं कार्यालय? बाई जळली तेव्हा नोंद नाही, आणि पाट जळला तर पाच प्रती?”

रेगिनाकाकू रडू लागल्या, अगदी खरंखुरं. अधिकाऱ्याची मान लाल झाली. “पेटी पालथी करा.”

“तुम्ही करा,” बोग्ना म्हणाली. “मी फक्त खिळ्यांची.”

त्याने पेटीकडे पाहिलं, शिवलेल्या गाद्यांकडे, पुस्तकांकडे, मागच्या रांगेकडे, घड्याळाकडे. जेवायची वेळ झाली होती. “ठोका,” तो म्हणाला.

सेवेक एकेक खिळा धरत गेला, ती मारत गेली.

“बोट लागेल. जरा हळू.”

“हळू मारलेले खिळे निघतात.”

“तू यायचंस,” तो खिळा धरूनच म्हणाला. “माझ्यामागे. मला तू हवी आहेस, बोग्ना. पहिल्या दिवसापासून. माप वगैरे सगळं खोटं होतं.”

“ते बाबांनासुद्धा माहीत होतं.” तिने हातोडी उचलली, पण मारली नाही. “मला पासपोर्ट कोण देणार? तुला हाकलतात, मला कोंडतात. हात दोन, सरकार एकच.” मग अगदी हळू, “मलाही तू हवास, वेड्या.” आणि शेवटचा खिळा असा ठोकला की शेजारच्या रांगेतली बाई दचकली.

दुपारच्या गाडीला ती वॉर्सातल्याच ग्दान्स्क नावाच्या स्टेशनवर गेली. फलाटावर लोक रडत होते आणि साध्या कपड्यातले पोलीस फोटो काढत होते. सेवेकने खिशातला प्रवासाचा कागद तिला दाखवला. त्यावर छापलं होतं, ‘हा कागद बाळगणारा पोलंडचा नागरिक नाही.’ कुठला आहे, ते छापलेलं नव्हतं. वर्षभर गिऱ्हाइकांच्या कागदांवर वाचून ते वाक्य बोग्नाला केव्हाच पाठ झालं होतं. गाडी हलली तेव्हा त्याने खिडकीतून छत्री तिच्या हातात दिली. “ही तूच मिळवलीस,” तो म्हणाला.

सात आठवड्यांनी व्हिएन्नाहून पत्र आलं. पाकीट टपाल तपासणाऱ्या सरकारी माणसांनी उघडून पुन्हा चिकटवलेलं, वाईट सरसाने. बोग्नाला त्याचाही राग आला. काम तरी नीट करावं.

‘पेटी खालून उघडली,’ सेवेकने लिहिलं होतं. ‘आईने पाट मांडीवर घेतला आणि उलटा केला. मग मला हाक मारली. बोग्ना, तुझं अक्षर फार वाईट आहे. पण मी ते रोज वाचतो. आई आता एकाच बाजूने पाट धुते.’

पाटाच्या पाठीवर सुताराच्या जाड पेन्सिलीने लिहिलेलं होतं, ‘हा पाट बाळगणारा इथलाच आहे. आणि माझा आहे. — बोग्ना पिटेल, सुतार, प्रागा.’

तिने पत्र दोनदा वाचलं. मग पासपोर्टच्या कचेरीत गेली, अर्ज घेतला, पेन्सिल कानामागे खोचून पेन मागितलं. ‘प्रवासाचं कारण’ या रकान्यात तिने मोठ्या अक्षरात लिहिलं, ‘राष्ट्राचा ठेवा देशाबाहेर गेला आहे. भेटायला जायचं आहे.’

अर्ज नामंजूर झाला. तिने दुसरा भरला. कारण तेच लिहिलं.