दगडाबाईचा दाखला

बहात्तर सालच्या दुष्काळातली गोष्ट. पाथर्डीच्या पुढं, डोंगराच्या पायथ्याशी एका उघड्या माळावर सरकारनं पत्र्याच्या पंधरा खोल्या बांधल्या होत्या. गहिनीनाथ तिथला कारकून. दिवस कलला की हजेरीबुक काखेत मारून तो खोल्यांपुढं जायचा आणि एकेकाचं नाव पुकारायचा. त्या दिवशीही तसाच निघाला.

खोल्यांत वल्हार राहत. हे लोक समुद्रावरचे. होडीत जन्मायचं, होडीतच संसार करायचा. जमिनीला पाय लावायचा तो गोडं पाणी भरण्यापुरता. कचेरीला हे खपलं नाही. ज्याला गाव नाही, घर नंबर नाही, त्याला कागदावर धरायचं कुठं? होड्या जप्त झाल्या, माणसं ट्रकांत भरली आणि ऐंशी कोस आत आणून या माळावर उतरवली. त्यांची नावं साहेबांना लिहिता येईनात, म्हणून नवी दिली. लाटांवर जन्मलेल्या एका म्हातारीच्या वाट्याला 'दगडाबाई' आलं. दाखल्याशिवाय हद्द ओलांडायची नाही, असा हुकूम होता.

ती दगडाबाई त्याच दिवशी सकाळी वारली होती. तिची लेक साळूबाई गहिनीनाथाच्या टेबलापुढं येऊन उभी राहिली.

"भाऊसाहेब, दाखला द्या. आमचं मयत समुद्रात जातं."

"मयताला दाखला द्यायचा नियम नाही, बाई. वर लिहितो. आठ दिवसांत उत्तर येईल."

साळूबाई रडली नाही, पाया पडली नाही. "तुमच्या कागदानं जाईल, न्हाईतर आपल्या पायानं जाईल," एवढंच बोलून ती वळली. दुपारी कोरड्या ओढ्याच्या अलीकडं, मुरमात त्यांनी म्हातारीला पुरलं.

गहिनीनाथ दुष्ट नव्हता. पण नियमावर त्याचा भरवसा होता, आणि स्वतःवर त्याहून जास्त. भुताखेताच्या गोष्टी निघाल्या की तो मोठ्यानं हसायचा. त्या संध्याकाळी सवयीनं त्याच्या तोंडून नाव निसटलं.

"दगडाबाई…"

"हाय."

आवाज ओढ्याच्या अंगानं आला. जड, ओला; तोंडात पाणी धरून बोलावं तसा. रांगेतल्या एकानंही मान वळवली नाही. कुणीतरी चेष्टा करतंय, असं समजून त्यानं दम भरला आणि पुढचं नाव घेतलं.

दुसऱ्या दिवशी त्यानं ते नाव मुद्दाम पुकारलं. "हाय…" आवाज ओढ्याच्या मधोमध. तिसऱ्या दिवशी तो पार पलीकडून आला. त्याच्यासोबत वारं आलं, आणि वाऱ्यावर मासळीचा, भिजल्या दोराचा वास. माळावर नऊ दिवस टँकर फिरकला नव्हता.

चौथ्या दिवशी, ऐन उन्हात, गहिनीनाथानं राखणदार बन्सीला कुदळ घ्यायला लावली. साळूबाई मुकाट मागून आली. खड्डा उकरला. माती घातली होती तशीच होती, आणि तिच्याखाली म्हातारी नव्हती.

बन्सी खड्ड्यातून वर आला. "लांडग्यानं वडली आसंल, भाऊसाहेब…"

"लांडगा उकरून परत बुजवतो होय रे?"

साळूबाई ओढा ओलांडून मावळतीकडं चालत गेली. एका जागी बसली, जमिनीवर तळहात टेकवला. "हितं खना."

तिथली जमीन कुणी कधी उकरलेली नव्हती. वरून बाभळीची मुळी आडवी गेली होती. बन्सी खणत राहिला. तीन हातांवर कुदळ चिखलात रुतली आणि पांढरं कापड दिसलं. दगडाबाई सरळ पडलेली होती, डोकं मावळतीकडं. केस मागं वाहिलेले, पोहणाऱ्या माणसाचे वाहतात तसे. गहिनीनाथानं चिखलात बोट बुडवून जिभेला लावलं. खारट.

मग त्यानं हळूच विचारलं, "अशीच… पोचंल ती?"

"पोचंल कवातरी. पन वाटंत गावं हायेत, भाऊसाहेब… निजलेली लेकरं हायेत. तिला खालून काय दिसनार?"

गहिनीनाथ तिथंच एका धोंड्यावर बसला. गुडघ्यावर दाखल्यांचं पुस्तक उघडलं आणि लिहायला लागला. आधी दगडाबाईचा दाखला. मग साळूबाईचा. मग हजेरीबुकातली उरलेली साठ नावं, एकामागून एक.

"वरून इचारलं तर?" बन्सी म्हणाला.

"जाब मी देईन. तू सहादूला थांबव."

सहादू धान्याच्या ट्रकचा ड्रायव्हर. तो रिकामाच परत निघाला होता. सगळे वल्हार त्यात दाटीवाटीनं चढले, मधोमध म्हातारी. ट्रक गेल्यावर पाचव्या दिवशी सहादू एकटाच परत आला.

"किनाऱ्याला एक होडी नव्हती, भाऊसाहेब. म्हातारीला घिऊन समदी कमरंइतक्या पान्यात गेली. मी बिडी पेटवाया खाली बघितलं… वर बघतो तर होड्या. लांब, पार लांब गेलेल्या."

चौकशी झाली. गहिनीनाथानं ताठ मानेनं सांगितलं, "दाखले मीच दिले. पुन्हा वेळ आली तर पुन्हा देईन." त्याची बदली नगरला झाली, पाणीटंचाईच्या टेबलावर. तिथंही तो निवांत झोपायचा.

पुढच्या उन्हाळ्यात अर्ज यायला लागले. पहिला टाकळी ढोकेश्वरचा: गोडी विहीर एका रात्रीत खारी झाली. आठवड्यानं तसाच भाळवणीचा. मग शहराच्या अलीकडचा एक मळा. तिथल्या शेतकऱ्यानं लिहिलं होतं, विहिरीच्या तळाशी दिवसभर वल्हं मारल्यागत आवाज होतो. गहिनीनाथानं नकाशा पसरून तिन्ही ठिकाणांवर पट्टी ठेवली. रेघ सरळ होती; काहीतरी समुद्राकडून माळाच्या दिशेनं आत येत होतं. माळावर तर आता कुणीच उरलं नव्हतं. आणि माळाच्या आधी नगर लागत होतं; नावं पुकारणारा आता तिथं होता.

संध्याकाळी तो घरी गेला. परसातल्या आडावर त्याची बायको, झुंबरबाई, पोहरा शेंदत होती. तिचा चेहरा खुलला होता.

"अहो, आज दोर लई लागला न्हाई," ती म्हणाली. "एवढ्या दुष्काळात बघा… पानी आपसूक वर आलंय."