खिडकीतून आत आलेली तार

कॉलेजच्या फिजिक्स लॅबची मागची खिडकी मी सहसा उघडत नसे. माझी लेक यशू चार वर्षांची, लॅबमध्ये माझ्याबरोबरच असायची; गज दिसले की पाय ठेवायचीच. पण त्या दुपारी खिडकीवर टकटक झाली, मी कडी काढली, आणि गजांतून एक काळी तार आत आली. तारेमागं ग्रीसनं माखलेला हात, हातामागं माणूस.

"प्रिन्सिपॉलसाहेबांनी हो म्हटलंय. तुमच्या ऑसिलोस्कोपला एवढी जोडायची हाय."

हा पिराजी. मंठाळकडच्या खेड्यांत फिरणाऱ्या एका दवाखान्याची व्हॅन तो चालवायचा, दुरुस्तही करायचा. व्हॅन परदेशातून दान आलेली. भर रस्त्यात बंद पडायची, आणि बिदरजवळच्या कोळारच्या गॅरेजात नेली की शहाण्यासारखी चालायची. इंजिनात एक दातेरी चाक फिरतं, त्याच्याजवळ पिकअप नावाची छोटी गुंडाळी असते. दात जवळून गेला की तिच्यात विजेची लहर उठते आणि ठिणगीला वेळ सांगते. लहर चुकली की गाडी थांबली. खोड तिथंच असणार, असा त्याचा अंदाज होता. पण ती क्षणभरच यायची. डोळ्यांनी बघितल्याशिवाय सापडणार नव्हती.

विजेची लहर पडद्यावर दाखवणारं ते यंत्र आत, गाडी बाहेर लिंबाखाली. म्हणून तो इंजिनाशी आणि मी पडद्याशी.

"दिसायलीय का?"

"दिसायलीय."

हिरवी रेघ चढत होती, झपकन खाली येत होती, पुन्हा चढत होती... यशू स्टुलावर बसून ती बोटानं हवेत काढत होती. मी सवयीनं म्हणाले, "अण्णा, जरा रेस वाढवा." आमच्या बिदरात दूधवाल्यापासून हेडक्लार्कपर्यंत सगळे अण्णाच.

बाहेर रेस वाढली, मग उतरली.

"काहीबी म्हणा मॅडम. अण्णा तेवढं नका म्हणू."

"कामून?"

"गाडी बिघडती."

मी हसले. बऱ्याच दिवसांनी हसले असेन, कारण यशू वळून माझ्याकडं बघायला लागली.

खोड त्या दिवशी आली नाही. दुसऱ्या दिवशीही नाही. तो येत राहिला, आणि वाट बघता बघता बोलणं होत गेलं. डोळे पडद्यावर असले की बोलणं सोपं जातं. मी भीमराजचं सांगितलं. माझा नवरा. सकाळी औरादला गेला, येताना बस उलटली, तो वाचला नाही. मला कळलं दुसऱ्या दिवशी दुपारी. तोवर मी त्याचा भात झाकून ठेवला होता, स्वतः जेवले नव्हते. तेव्हापासून कुणाला उशीर झाला की माझे हात गार पडतात. यशू झोपली की नाकाखाली बोट धरून बघते. सासूबाई, भागाबाई, म्हणतात, अगं, तिला निजू दे की.

पिराजीनं समजूत घातली नाही. म्हणाला, "मग ही खोड तुम्हालाच सापडनार. माझी नजर हलती, तुमची न्हाई."

आणि सापडली. एका क्षणी रेघ सपाट झाली. मग पुन्हा लहर उठली.

"थांबा. आत्ता काय हलवलंत?"

पिकअपची तार हलवली होती. पुन्हा हलवली, पुन्हा रेघ गेली. त्यानं ब्लेडनं वरचं रबर सोललं. वरून तार धड, आत तांबं तुटलेलं. गाडी जोरात निघाली की तार ताणली जायची, टोकं सुटायची; थांबली की परत टेकायची. ते तांबं दाखवायला तो गजांशी वाकला, मी इकडून वाकले. मग दोघंही सरळ झालो.

व्हॅन सुधारली. तरी शुक्रवारी तार घेऊन तो हजर.

"आता काय झालं?"

"गाडीला काय न्हाई. मलाच बघायचं व्हतं."

"काय?"

"तुम्ही बघताना कशा दिसता... ते."

रविवारी बुद्धविहारात तो सासूबाईंना भेटला आणि त्यानं सरळ माझ्याशी लग्नाचं विचारलं. त्यांनी पदरानं डोळे टिपले, माणूस बरा आहे म्हणाल्या, ठरवायचं मात्र माझ्यावर सोडलं. मी त्याला एकच विचारलं. रोज वेळेवर घरी याल?

दुसरा कुणी हो म्हणाला असता.

"न्हाई," पिराजी म्हणाला. "रस्त्याचं काम हाय, उशीर व्हनारच. खोटं कामून बोलू?"

"मग जमायचं नाही."

"मंगळवारी मंठाळहून दुपारचा येतो. त्या वक्ताला परत विचारतो. मग न्हाई म्हणा."

मंगळवारी दुपार सरली. आपल्याला काय त्याचं, असं म्हणत मी खिडकी उघडली. कॉलेज सुटलं. ऊन भिंतीवरून उतरलं. हात गार पडले. यशूनं भूक लागली म्हटलं, मी डबा उघडला नाही. हेच नको होतं मला... हे पुन्हा नकोच. कडी लावायला मी उठलेच होते.

दारात खाकी कपड्यातला माणूस उभा. खांद्याला चामडी पिशवी. बसवकल्याणहून आलेल्या बसचा कंडक्टर, बसवंतप्पा. आमच्याकडं निरोप असेच येतात, बसबरोबर.

"इंदिरा मॅडम तुम्हीच काय? पिराजीअण्णानं मंठाळला बस अडवून निरोप दिलाय." त्यानं पाठ केल्यासारखं म्हटलं, "गाडी बरी हाय. मी बरा हाय. अडलेली बाई घेऊन हळू यायलोय, उशीर व्हईल. भात झाकून ठेवू नका, जेवून घ्या." मग डोकं खाजवलं. "भाताचं मला काय समजलं न्हाई अक्का. सांगितलं तसं सांगितलं."

तो गेला. मी डबा उघडला. यशूला भरवलं, आणि मग स्वतः जेवले. हात गरम होत गेले.

अंधारून येताना लिंबाखाली इंजिन थांबलं. खिडकीवर टकटक. या वेळी तार नव्हती.

"मॅडम... दिसायलीय का?"

"दिसायलीय."

"उशीर झाला."

"निरोप आला होता. ती बाई?"

"पोरगी झाली. दोघीबी बऱ्या हायत." तो गज धरून उभा राहिला. विचारायचं ते त्याला विचारवेना.

"डब्यात भात ठेवलाय थोडा," मी म्हणाले. "उपाशी राहून झाकलेला नाही; मी जेवले, हा तुमच्यापुरता. खिडकीत काय उभे राहिलात? पुढच्या दारानं या."